कामावरून काढल्याचा वाद कोर्टात गेला तर: कोल्हापूरच्या छोट्या कारखानदारांसाठी आणि कामगारांसाठी

शिवाजी उद्यमनगरातलं बारा-पंधरा माणसांचं मशीन शॉप असो, शिरोलीची फाउंड्री असो की इचलकरंजीतली यंत्रमागाची शेड, माणूस कामावरून कमी होतो तो बहुतेक वेळा तोंडी. 'उद्यापासून येऊ नकोस' एवढंच सांगितलं जातं. मालक म्हणतो, मी काढलं नाही, तोच येईना. कामगार म्हणतो, मला गेटवरच अडवलं. मग कामगार न्यायालयात नेमकं हेच विचारलं जातं की कोण काय म्हणालं, कधी म्हणालं आणि त्याचा कागद कुठे आहे. असल्या केसचा निकाल बराचसा पहिल्या पंधरा दिवसांत लिहिलेल्या, किंवा न लिहिलेल्या, कागदांवर ठरतो. पुढची वर्षं त्या कागदांचा अर्थ लावण्यात जातात. म्हणून हा लेख दोन्ही बाजूंसाठी आहे. वाट एकच आहे, फक्त कोणती गोष्ट कुणी सिद्ध करायची हे वेगळं आहे.

कायदा आपल्याला लागू आहे का

'आमच्याकडे वीसपेक्षा कमी माणसं आहेत, आम्हाला लेबरचा कायदा लागत नाही.' हा गैरसमज सगळ्यांत महाग पडतो. वीसचा आकडा भविष्यनिर्वाह निधीचा, म्हणजे पीएफचा आहे. ईएसआय आणि ग्रॅच्युइटीला दहा माणसं लागतात. पण कामावरून काढल्याच्या वादाला माणसांची किमान संख्याच नाही. चार कामगारांचं वर्कशॉपसुद्धा 'उद्योग' ठरतं आणि त्यातला एक माणूसही दाद मागू शकतो.

दुसरा प्रश्न, समोरचा माणूस कायद्याच्या अर्थानं 'कामगार' आहे का. इथे हुद्द्याच्या नावाला फारशी किंमत नाही. पगारपत्रकावर 'सुपरवायझर' लिहिलं आणि माणूस दिवसभर लेथवर उभा असला, तर तो कामगारच. खरोखर देखरेखीचं काम करणाऱ्यासाठी पगाराची मर्यादा आहे. जुन्या औद्योगिक विवाद कायद्यात ती महिना १०,००० रुपये होती, नव्या औद्योगिक संबंध संहितेत १८,००० आहे. पीसरेटवर किंवा टनावर काम करणारा, 'जॉबवर' घेतलेला माणूससुद्धा कामगार ठरू शकतो. त्याला काम कोण वाटून देतं, वेळ कोण ठरवतं, मशीन कुणाचं, यावर ते ठरतं.

कायदा जुना की नवा हेही आधी पाहायला हवं. औद्योगिक विवाद अधिनियम १९४७ ची जागा घेणारी औद्योगिक संबंध संहिता २०२० ही २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झाली. नवी न्यायाधिकरणं उभी राहीपर्यंत सध्याची कामगार न्यायालयं आणि औद्योगिक न्यायाधिकरणं काम चालू ठेवतील, असा केंद्राचा आदेश डिसेंबर २०२५ मध्ये निघाला. म्हणून वकिलाकडे गेल्यावर तोंडून पहिली गोष्ट निघायला हवी ती कामावरून काढल्याची तारीख. मुदती तिथूनच मोजायच्या.

पहिले पंधरा दिवस: कामगारानं काय करावं

गेटवर अडवलं त्याच दिवशी, फार तर दोन-तीन दिवसांत, मालकाला पत्र लिहा. वकिली भाषा नको. 'मी अमुक तारखेपासून तुमच्याकडे टर्नर म्हणून काम करतो. माझा शेवटचा पगार इतका. दिनांक अमुक रोजी सकाळी आठ वाजता कामावर आलो असता मला आत घेतलं नाही. मी आजही कामावर यायला तयार आहे. मला कामावर घ्यावं.' एवढं पुरे. 'कामावर यायला तयार आहे' हे वाक्य विसरू नका. मालक पुढे 'तोच सोडून गेला' असं म्हणणारच असतो, त्याला हे एकच वाक्य उत्तर देतं. पत्र स्पीड पोस्टनं पाठवा, पोच घ्या, पावती पत्राच्या झेरॉक्सला टाचून ठेवा.

मग पुरावा गोळा करा. कपातीची नोटीस आणि भरपाई मिळण्यासाठी सलग एका वर्षात २४० दिवस काम केलं हे सुरुवातीला कामगारानंच सिद्ध करायचं असतं. नुसतं शपथेवर सांगून भागत नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं आहे. बँकेचं पासबुक, ईएसआयचं कार्ड, पीएफच्या पासबुकातल्या महिनेवार नोंदी, गेटपास, हजेरी कार्ड, उचल घेतल्याची चिठ्ठी, फोरमननं मोबाइलवर पाठवलेला 'उद्या सेकंड शिफ्टला ये' असा मेसेज, हे सगळं उपयोगी आहे. मेसेज डिलीट करू नका आणि फोन विकू नका. मोबाइलमधला मजकूर कोर्टात दाखवायचा तर भारतीय साक्ष्य अधिनियम २०२३ च्या कलम ६३ खालचं प्रमाणपत्र जोडावं लागतं. कामगार न्यायालय पुराव्याच्या कायद्याला काटेकोरपणे बांधलेलं नसतं, पण प्रमाणपत्र जोडलं की आक्षेपाला जागा राहत नाही.

हातात काहीच नसलं तरी खचून जाऊ नका. मालकाकडचं मस्टर आणि पगारपत्रक कोर्टात आणवण्यासाठी अर्ज करता येतो. कोर्टानं हुकूम करूनही मालकानं ते आणलं नाही, तर न्यायाधीश त्याच्या विरुद्ध अनुमान काढू शकतात. हा अर्ज केलाच नाही म्हणून चांगल्या केसही हरतात.

औद्योगिक कामगाराला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळण्याचा हक्क विधी सेवा प्राधिकरण अधिनियम १९८७ नं दिला आहे. कसबा बावड्यातल्या जिल्हा न्यायालयाच्या आवारात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा. कामगाराच्या तक्रारीला दिवाणी दाव्यासारखी रकमेच्या प्रमाणात कोर्ट फीही लागत नाही. पैशाअभावी केस करता येत नाही असं कुणी सांगितलं, तर त्यावर विश्वास ठेवू नका.

पहिले पंधरा दिवस: मालकानं काय करावं

माणूस खरंच न सांगता येईनासा झाला असेल, तर चौथ्या-पाचव्या दिवशी त्याच्या पत्त्यावर पत्र टाका: 'तुम्ही अमुक तारखेपासून गैरहजर आहात, तीन दिवसांत कामावर हजर व्हा.' तो आला नाही तर आठवड्यानं दुसरं पत्र, मग तिसरं. पत्ता आधार कार्डावरचा आणि प्रत्यक्ष राहण्याचा, दोन्ही घाला. कामगार भुदरगडचा किंवा चंदगडचा असतो आणि राहतो उचगावात भाड्याच्या खोलीत. पत्र एकाच पत्त्यावर गेलं तर 'मला मिळालंच नाही' हे उत्तर तयार असतं. पाकीट 'घेण्यास नकार' असा शेरा मारून परत आलं, तर ते फोडू नका. बंद पाकीट जसंच्या तसं कोर्टात दाखल करायचं आणि तिथेच उघडायचं.

काम सोडून गेला, असं म्हणणाऱ्यानं तसा हेतू दाखवावा लागतो. सहा वर्षं नियमित येणारा, दोन मुलांचा बाप असलेला माणूस एका मंगळवारी उगाच नोकरी सोडून जातो, यावर न्यायाधीश सहजी विश्वास ठेवत नाहीत. तीन पत्रांनी ती शंका फिटते. आणि पत्र मिळून माणूस खरंच हजर झाला, तर त्याला आत घ्या. पत्र पाठवायचं आणि आल्यावर गेटवरूनच परत पाठवायचं, हे मालकालाच अडचणीत आणतं.

काही गोष्टी मात्र कटाक्षानं टाळा. मागच्या तारखेचे कागद बनवू नका. कोऱ्या कागदावर सह्या घेऊन ठेवू नका. मराठीतच सही करणाऱ्या, इंग्रजी न वाचणाऱ्या कामगाराचा टाइप केलेला इंग्रजी राजीनामा दाखल झाला, की मालकाच्या उलटतपासणीत पहिला प्रश्न असतो, 'हा कुणी टाइप केला?' राजीनामा खरा असेल तर तो कामगाराच्या हस्ताक्षरात, त्याच्या भाषेत असू द्या. आणि तो स्वीकारल्याचं पत्र व हिशेबाचे पैसे लगेच द्या. वेतन संहितेप्रमाणे काढलेल्या किंवा राजीनामा दिलेल्या माणसाचा राहिलेला पगार दोन कामाच्या दिवसांत द्यायचा असतो.

काम नाही म्हणून, की चूक केली म्हणून?

माणूस कमी करण्याच्या दोन सरळ वाटा आहेत आणि त्यांची सरमिसळ झाली की केस बिघडते.

काम कमी झालं, एक मशीन बंद केलं, ऑर्डर गेली, तर ती कपात. वर्षभर, म्हणजे मागच्या बारा महिन्यांत २४० दिवस काम केलेल्या कामगाराला एक महिन्याची लेखी नोटीस किंवा तेवढा पगार, आणि सेवेच्या दर पूर्ण वर्षामागे पंधरा दिवसांचं सरासरी वेतन द्यावं लागतं. त्या कामातला जो शेवटी लागला, तो सर्वसाधारणपणे आधी जातो. म्हणून ज्येष्ठतेची यादी करून फलकावर लावावी. भरपाई काढण्याच्या वेळीच द्यायची असते. आठ दिवसांनी चेक पाठवला तर अट मोडली आणि कपात बेकायदा ठरली. कारण कितीही खरं असलं तरी या एका चुकीनं सगळा मामला उलटतो.

हिशेब करून पाहू. मूळ वेतन आणि महागाई भत्ता धरून महिना १८,००० रुपये, सेवा सहा वर्षं पूर्ण. नोटीसचा पगार १८,०००. कपातीची भरपाई अर्ध्या महिन्याचे ९,००० गुणिले ६, म्हणजे ५४,०००. कारखाना दहा माणसांचा असेल तर ग्रॅच्युइटी वेगळी. तिथे महिना २६ दिवसांचा धरतात, म्हणून १८,००० भागिले २६ गुणिले १५ गुणिले ६, म्हणजे ६२,३०८. एकूण १,३४,३०८ रुपये. शिवाय राहिलेला पगार, शिल्लक रजा, बोनस. नव्या संहितेत पुनर्कौशल्य निधीसाठी आणखी पंधरा दिवसांचा पगार मालकानं भरायचा आहे.

आता दुसरी बाजू. हे पैसे वाचवायचे म्हणून तोंडी काढलं आणि केस पाच वर्षं चालली, शेवटी 'मागील पगारासह कामावर घ्या' असा निकाल लागला, तर ६० महिन्यांचे १०,८०,००० रुपये होतात. त्या काळात त्या मशीनवर दुसऱ्याला दिलेला पगार वेगळाच. सर्वोच्च न्यायालयानं २०१३ मध्ये महाराष्ट्रातल्याच एका शिक्षिकेच्या प्रकरणात सांगितलं की बेकायदा काढलं असेल तर मागील पगारासह परत घेणं हा सर्वसाधारण नियम आहे. कामगारानं आधी आपण बेकार होतो असं म्हणायचं. मग तो दुसरीकडे तेवढंच कमावत होता हे मालकानं सिद्ध करायचं. कामगारांनी हे नीट लक्षात ठेवावं. तक्रारीत आणि शपथपत्रात 'काढल्यापासून मला काम मिळालेलं नाही, शोधतो आहे' हे लिहिलं नसेल, तर पगार मागायला पायाच राहत नाही. आणि दरम्यान कुठे काम केलं असेल तर ते लपवू नका. ईएसआय आणि पीएफच्या नोंदींतून ते बाहेर येतं आणि मग बाकीचं खरंही खोटं वाटू लागतं.

चूक केली म्हणून काढायचं, म्हणजे चोरी, मारामारी, दारू पिऊन येणं, वारंवार गैरहजेरी, तर त्याला चौकशी हवी. आरोपपत्रात तारीख, वेळ, जागा आणि नेमकं काय केलं ते लिहा. 'वागणूक बरी नाही' हा आरोप नव्हे. खुलाशाला मुदत द्या. चौकशी अधिकारी बाहेरचा असावा. ज्याच्याशी भांडण झालं तोच मालक चौकशीला बसला तर ती तिथेच कोसळते. साक्षीदार कामगारासमोर तपासायचे, त्याला उलट प्रश्न विचारू द्यायचे, रोजच्या कामकाजावर त्याची सही घ्यायची, अहवालाची प्रत द्यायची आणि शिक्षेबाबत त्याचं म्हणणं ऐकायचं. बारा माणसांच्या शॉपमध्ये हे जड वाटतं खरं, पण तीन-चार बैठकांत उरकतं.

आदेशात 'काम कमी' लिहायचं आणि कोर्टात 'तो चोर आहे' सांगायचं, हे कधीच करू नका. कारण बदललं की न्यायाधीशांना खरं कारण तिसरंच असल्याचा संशय येतो, बहुतेक वेळा तो युनियनमध्ये गेला हे.

पहिलं दार: सहायक कामगार आयुक्त

कामगार किंवा त्याची युनियन कोल्हापूरच्या सहायक कामगार आयुक्तांच्या कार्यालयात अर्ज करते, तिथून मालकाला बैठकीची नोटीस येते. याला समेट म्हणतात. इथे वकिलाला प्रतिनिधी म्हणून उभं राहता येत नाही. मालकानं स्वतः जावं किंवा आपल्या संघटनेचा माणूस पाठवावा. कामगारानं युनियनचा पदाधिकारी बरोबर घ्यावा.

बरेच मालक 'ते काय निकाल देणार नाहीत' म्हणून इथे जातच नाहीत. अधिकारी निकाल देत नाही हे खरं. पण तिथे दिलेलं लेखी म्हणणं पुढे कोर्टात येतं आणि त्याच्याशी तुम्ही बांधले जाता. तिथे 'आम्ही काढलंच नाही, यायचं तर यावं' असं लिहून दिलं, तर कामगारानं दुसऱ्या दिवशी सकाळी गेटवर जावं आणि आत घेतलं नाही तर त्याच दिवशी तसं पत्र कार्यालयात द्यावं. वाद इथे थोड्या पैशांत मिटतो, कारण मागील पगाराचा डोंगर अजून उभा राहिलेला नसतो.

मुदती अशा. जुन्या कायद्यात समेटाच्या अर्जानंतर ४५ दिवस उलटले की कामगाराला थेट कामगार न्यायालयात जाता येत होतं, पण काढल्यापासून तीन वर्षांच्या आत. नव्या संहितेत वाद निर्माण झाल्यापासून दोन वर्षांनंतर समेटाचं काम चालत नाही, आणि समेट फसल्याचा अहवाल मिळाल्यापासून ९० दिवसांत अर्ज करायचा आहे. ही ९० दिवसांची मुदत अनेकांच्या नजरेतून निसटेल. अहवाल हातात आला की त्यावर मिळाल्याची तारीख लिहून ठेवा.

महाराष्ट्रात दुसरी वाटही आहे. १९७१ च्या, कामगार संघटनांना मान्यता आणि अनुचित प्रथांना प्रतिबंध करणाऱ्या राज्याच्या कायद्याखालची तक्रार, म्हणजे कोर्टाच्या भाषेत 'यूएलपी'. संहितेनं रद्द केलेल्या तीन केंद्रीय कायद्यांत हा नाही. घटना घडल्यापासून ९० दिवसांत थेट कोर्टात जायचं. उशिराला सबळ कारण असेल तर कोर्ट तो माफ करू शकतं. काढून टाकल्याची तक्रार कामगार न्यायालयात जाते. वर्षानुवर्षं 'ब्रेक' देऊन टेंपररी ठेवणं, करार न पाळणं, पक्षपात अशा तक्रारी औद्योगिक न्यायालयात जातात. घेराव किंवा बेकायदा संपाविरुद्ध मालकालाही इथे तक्रार करता येते.

या वाटेचा फायदा म्हणजे अंतरिम आदेश लवकर मागता येतो. अडचण अशी की 'हा माझा कामगारच नाही, ठेकेदाराचा आहे' असा खरा वाद असेल, तर तो प्रश्न इथे ठरवता येत नाही. आधी दुसऱ्या मार्गानं नातं सिद्ध करून यावं लागतं. ठेकेदाराच्या नावावर काम करणाऱ्यानं ही वाट निवडण्याआधी नियुक्तीचे कागद वकिलाला दाखवावेत, नाहीतर काही वर्षं फुकट जातात. आणि एकाच गोष्टीसाठी दोन्ही कायद्यांखाली समांतर केस चालवता येत नाही.

समन्स आल्यावर

पाकिटावरची मिळाल्याची तारीख लिहून ठेवा. दिवाणजीनं घेऊन ड्रॉवरमध्ये टाकलेलं समन्स हे एकतर्फी निकालाचं नेहमीचं कारण आहे. त्यांना बजावून ठेवा की कोर्टाचा कागद आला की त्याच दिवशी मालकाच्या हातात द्यायचा.

जुन्या कायद्याखालच्या केसमध्ये वकील देण्याला समोरच्याची संमती आणि कोर्टाची परवानगी लागते. ती सहसा मिळते, पण वकालतनामा दाखल होताना त्याची नोंद झाल्याचं पाहा. यूएलपीत अंतरिम अर्जाला वेगळं उत्तर द्यायचं असतं. मुख्य तक्रारीचं म्हणणं तयार होतंय म्हणून अंतरिम अर्जावर गप्प बसलात, तर त्यावर तुमच्याविना आदेश होऊ शकतो. अंतरिम आदेश न पाळणं हा शिक्षापात्र गुन्हा आहे.

लेखी म्हणणं हा मालकाचा सगळ्यांत महत्त्वाचा कागद. प्रत्येक परिच्छेदाला स्वतंत्र उत्तर हवं. 'मजकूर खोटा, मान्य नाही' एवढं लिहून भागत नाही, खरं काय ते लिहा. एकमेकांना मारणारे बचाव घेऊ नका. 'तो आमचा कामगार नव्हता', 'त्यानं राजीनामा दिला' आणि 'त्याला चौकशी करून काढलं', ही तिन्ही वाक्यं एकाच कागदावर आली की कोर्टाचा तिन्हींवरचा विश्वास उडतो.

चौकशी झालेली असेल तर आणखी एक ओळ लिहायलाच हवी: 'चौकशी सदोष ठरल्यास आरोप कोर्टासमोर पुराव्यानं सिद्ध करण्याची संधी मिळावी.' कोर्ट आधी चौकशी न्याय्य होती का एवढाच मुद्दा ठरवतं. ती सदोष ठरली आणि ही मागणी लेखी म्हणण्यात केलेली नसेल, तर खरी चोरीसुद्धा सिद्ध करायची संधी जाऊ शकते. एक ओळ राहिली म्हणून मालक हरतो.

निशाणी, शपथपत्र, उलटतपासणी

कोर्टानं वादाचे मुद्दे काढले की कागद यादीसह दाखल करायचे. मूळ कागद द्या, झेरॉक्सवर समोरचा हरकत घेणारच. प्रत्येक कागदाला निशाणी क्रमांक, म्हणजे कोर्टाचा पुराव्याचा नंबर, पडला का ते वकिलाला विचारा. दाखल झालेला पण सिद्ध न झालेला कागद पुराव्यात धरला जात नाही. सरतपासणी, म्हणजे साक्षीदाराची स्वतःची साक्ष, शपथपत्रावर होते, मग उलटतपासणी. छोट्या कारखान्याच्या मालकाची उलटतपासणी बहुधा मस्टरवरूनच सुरू होते:

'हे मस्टर कोण लिहितं?'
'दिवाणजी.'
'रोज लिहितात?'
'हो.'
'मग जून ते नोव्हेंबर सगळी हजेरी एकाच शाईत, एकाच हातानं, रविवारीसुद्धा 'हजर' अशी कशी?'

एवढ्यात मस्टर पडतं, आणि त्याच्याबरोबर 'त्यानं २४० दिवस भरलेच नव्हते' हा बचावही. मस्टर रोजच्या रोज लिहा, पेन्सिलीनं लिहू नका, खाडाखोड झाली तर त्यावर सही करा, महिन्याच्या शेवटी कामगाराची सही घ्या. पगार रोख देत असाल तर पगारपत्रकावर सही आणि तारीख हवी. उचलीचंही तसंच. वहीत नुसती 'आप्पा २०००' अशी नोंद हिशेबातून वळती करून मिळत नाही. सही केलेलं व्हाउचर हवं.

कामगारांची उलटतपासणी वेगळ्या ठिकाणी ढासळते. तारखा. तक्रारीत २०१६, शपथपत्रात २०१८, पीएफच्या नोंदीत २०१९. आठवत नसेल तर 'नक्की तारीख आठवत नाही, पण दिवाळीच्या आधी लागलो' असं सांगा. अंदाजानं छातीठोक सांगितलेली तारीख खोटी ठरली की बाकी साक्षीवरही शंका येते. वकिलांनी पढवलेलं म्हणून दाखवू नका, आपल्या रोजच्या बोलीतच उत्तर द्या.

तारखेला हजर राहा. रोजनामा, म्हणजे दर तारखेच्या कामाची कोर्टातली नोंद, अधूनमधून पाहत जा. पुढची तारीख कशासाठी आहे, कागदांसाठी की साक्षीसाठी, हे माहीत नसलेला पक्षकार नेमका साक्षीच्या दिवशी गैरहजर असतो.

तडजोड करताना

तडजोड कुठल्याही टप्प्यावर होऊ शकते. रक्कम ठरवताना वरचा हिशेब समोर ठेवा: कायद्यानं देणं किती, मागील पगाराचा धोका किती, कामगाराला परत यायचं आहे की पैसे घेऊन मोकळं व्हायचं आहे. तडजोडीच्या पुरशिशीत, म्हणजे कोर्टात द्यायच्या लेखी निवेदनात, पगार, कपातीची भरपाई, ग्रॅच्युइटी, रजा, बोनस अशी रकमेची फोड लिहा. 'सर्व हिशेब मिटला' एवढं मोघम वाक्य नको. पैसे डिमांड ड्राफ्टनं किंवा थेट खात्यावर, शक्यतो न्यायाधीशांसमोर द्या. हप्ते ठरले तर हप्ता चुकल्यास काय, हेही तिथेच लिहा. हे न लिहिल्यामुळे तिसऱ्या हप्त्यापासून नवी भांडणं सुरू होतात. न भरलेला पीएफ तडजोडीनं माफ होत नाही, तो भविष्यनिर्वाह निधी कार्यालयाचा विषय आहे. लोकअदालतीत मिटवलं तर त्या निवाड्यावर अपील नाही, म्हणून सही करण्याआधी कागद स्वतः वाचा किंवा आपल्या माणसाकडून वाचून घ्या.

निकाल लागल्यावर

यूएलपीत कामगार न्यायालयाच्या आदेशावर औद्योगिक न्यायालयात फेरतपासणी अर्ज करता येतो. त्यानंतर, किंवा निवाड्यावर थेट, उच्च न्यायालयात रिट याचिका. यासाठी आता मुंबईला जावं लागत नाही. १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचं कोल्हापूर सर्किट बेंच सुरू आहे आणि कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांची प्रकरणं इथेच चालतात.

वर जाण्याआधी मालकानं एक हिशेब करावा. कामावर परत घेण्याच्या निवाड्याला उच्च न्यायालयात आव्हान दिलं, तर तिथला निकाल लागेपर्यंत कामगाराला शेवटचा पगार दरमहा द्यावा लागतो. त्यासाठी आपण दुसरीकडे कामाला नाही, असं शपथपत्र कामगारानं द्यायचं. म्हणजे काम न घेता पगार चालू. अशा वेळी त्याला कामावर घेऊन फक्त मागील पगारापुरतं भांडणं बऱ्याचदा स्वस्त पडतं.

कामगारानं निकालाची प्रमाणित प्रत लगेच मागावी आणि ती जोडून, कामावर हजर व्हायला तयार असल्याचं पत्र स्पीड पोस्टनं पाठवावं. मालकानं पैसे दिले नाहीत तर वसुलीचा दाखला मिळवता येतो आणि जिल्हाधिकारी ती रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल करतात. त्या अर्जात कारखान्याचा प्लॉट क्रमांक, बँक खातं, मशिनरी यांचा तपशील द्या. नुसत्या नावावर निघालेला दाखला तलाठ्याकडे पडून राहतो.

कारखाना दुसऱ्याच्या नावावर केला जातोय अशी कुणकुण लागली, तर वसुलीची वाट पाहत बसू नका. कोर्टात लगेच अर्ज देऊन नव्या मालकालाही पक्षकार करून घ्या. त्या अर्जाला जीएसटी नोंदणीचा उतारा आणि जागेचा उतारा जोडा.